बाबांची बांधाबांध

मुलुंड स्टेशनजवळच्या कॉम्प्युटरवाल्याला मी विचारलं, जुन्या मशीनमधला एक खेळ, त्यात साठवलेल्या जगासकट, नव्या मशीनमध्ये न्यायचाय, काही अडचण येईल का? त्याने माझ्याकडे बघितलं, माझ्या पांढऱ्या केसांकडे बघितलं आणि म्हणाला, "मॅडम, गेमच आहे ना? डिलीट मारा. नव्यात नवीन चालू करा. मुलं काय, दोन दिवसांत विसरतात."

मला मुलं नाहीत. खेळ माझा होता, आणि माझ्या एक्क्याहत्तर वर्षांच्या वडिलांचा. पण हे त्या माणसाला सांगण्यात काही अर्थ नव्हता. ज्याच्या काउंटरवर दुरुस्तीला आलेला एकच मॉनिटर मी तीन वर्षं बघतेय, त्याने मला आयुष्यात काय सोडून द्यावं ते शिकवायचं, म्हणजे कमालच. कॉम्प्युटर मात्र मी त्याच्याकडूनच घेतला, कारण दुसरं दुकान पुलापलीकडे होतं आणि ऊन मी म्हणत होतं. माझी तत्त्वं साधारण एवढ्याच ताकदीची आहेत.

खेळ ठोकळ्यांचा. डोंगर चौकोनी, झाडं चौकोनी, गाईसुद्धा चौकोनी. ठोकळे फोडायचे, ठोकळे रचायचे, संपलं. लॉकडाऊनमध्ये घरात बसून डोकं फिरायची वेळ आली तेव्हा मी तो चालू केला. बाबा मागे उभे राहून नाक मुरडायचे. "एवढी शिकवली ती विटा रचायला?" मी म्हणायची, "बाबा, तुम्ही बातम्या बघा." मग ते बातम्या बघायचे आणि बातम्यांकडे बघून नाक मुरडायचे.

पंधराएक दिवसांनी ऑफिसचा कॉल संपवून मी बाहेरच्या खोलीत आले, तर खुर्चीत बाबा. चष्मा नाकाच्या शेंड्यावर, उजव्या हाताची दोनच बोटं कामात. मी चार दिवस खपून केलेल्या राजवाड्याच्या मागे एक लांबलचक गोडाऊन उभं होतं. आत पेट्यांच्या रांगा, आणि प्रत्येक पेटीवर पाटी: लाकूड, दगड, माती, बियाणं. बाबा भांडुपच्या एका कारखान्यात एकतीस वर्षं स्टोअरकीपर होते. कारखाना बंद पडला त्याला बरीच वर्षं झाली, पण यांच्यातलं स्टोअर कधी बंद पडलं नाही. जगभरची माणसं तो खेळ राक्षस मारायला आणि हिरे खणायला खेळतात. बाबांना त्यात मोजायला वस्तू मिळाल्या आणि ते खूश झाले.

तर असं आम्ही दोघांनी मिळून एक गाव वसवलं. राजवाडा माझा, शेत त्यांचं, तळं माझं, गोठा त्यांचा. आई जाऊन तेव्हा पाच-सहा वर्षं झाली होती. घरात आम्ही दोघंच, आणि आमच्यात बोलण्यासारखं तसंही फार काही नव्हतं. भाजी काय, गॅसचा नंबर लावला का, तुझा शनिवार सुट्टीचा आहे का. गावामुळे जरा विषय वाढले.

मग आमची बिल्डिंग रिडेव्हलपमेंटला गेली. ज्या लोकांनी जिन्यातला बल्ब बदलायचा की नाही यावर तीन तीन मीटिंगा घातल्या, तेच लोक एका रात्रीत सोसायटीच्या ग्रुपवर संगमरवराचे फोटो टाकायला लागले. तळमजल्यावरच्या काकांनी तर 'आमचा टॉवर' म्हणायला सुरुवात केली, आणि तेव्हा टॉवर सोडा, साधा खड्डाही पडला नव्हता. घरं रिकामी करायची तारीख आली तशी सगळी बिल्डिंग पिसाटली. लोकांनी दारं काढली. खिडक्या, ग्रिल, नळ, बेसिन, पंख्याचे हूक, अगदी टाइल्स सुद्धा उचकटून नेल्या. शेवटच्या आठवड्यात बिल्डिंगला फक्त भिंती आणि भोकं उरली होती.

मी या सगळ्याला हसत होते. मी पवईच्या ऑफिसात काम करणारी सुधारलेली बाई, मी पॅकर्सवाले ठरवले होते. बाबा दोरी आणि खोके गोळा करायला लागले तेव्हा मी त्यांना म्हटलं, "बाबा, तुम्ही काहीही करू नका. सगळं आहे तसं येईल." आणि त्यांना दोन दिवस बोरिवलीला आत्याकडे पाठवून दिलं.

ते गेल्यावर मी माळा रिकामा केला. माळ्यावर बाबांचे सत्तावीस डबे होते. बिस्किटांचे, मिठाईचे, आईने जपून ठेवलेले दुधाच्या पावडरचे. त्यांत स्क्रू, वॉशर, बिजागऱ्या, कड्या, कुठल्या कुठल्या मशीनचे बोल्ट, आणि प्रत्येक डब्यावर चिकटवलेल्या कागदावर आत काय, किती, कुठल्या मापाचं. मी पाहिलं आणि मला हसू आलं, मग राग आला. एवढ्या वर्षांत त्यातल्या चार स्क्रूंपलीकडे काही लागलं नव्हतं. भंगारवाला खाली उभाच होता. त्याने डबे गोणीत उपडे केले आणि रिकामे डबे वेगळे चेपले, कारण त्यांचा भाव वेगळा असतो. मी तेव्हा वरून बघत होते आणि मला वाटत होतं की मी केवढं मोठं काम केलंय.

भाड्याच्या घरात आल्यावर तिसऱ्या दिवशी बाबांनी विचारलं, "डबे कुठायत?"

"भंगारात दिले."

"सगळे?"

"बाबा, गंजलेले स्क्रू घेऊन नव्या घरात जायचं का?"

ते ओरडले नाहीत. ओरडले असते तर मी पण ओरडले असते, आणि संध्याकाळपर्यंत चहावर मिटलं असतं. बाबा उठले, बाल्कनीत गेले आणि त्या दिवसापासून माझ्याशी बोलायचे थांबले.

आमच्याकडे अबोला हा प्रकार नवीन नाही. आजोबा आणि त्यांचे सख्खे भाऊ एका चाळीत, एका मजल्यावर अकरा वर्षं न बोलता राहिले आणि दोघांनी मिळून गणपती मात्र बसवला. अबोल्याचे नियम ठरलेले असतात. थेट बोलायचं नाही. भिंतीला सांगायचं, मांजराला सांगायचं, फोनवरच्या माणसाला मोठ्याने सांगायचं. "आमटी झाकून ठेवलीये, ज्याला हवी त्याने घ्यावी." "कोणाचं तरी कुरिअर आलंय." आई असताना हे सगळं तिच्या मार्फत चालायचं आणि ती दोन्ही बाजूंचे निम्मे निरोप वाटेतच गाळायची. आता मध्ये कोणी नव्हतं, म्हणून निरोप जसेच्या तसे पोचायचे. भाड्याच्या घरात मांजरही नव्हतं.

आत्याला कळलं तेव्हा तिने बोरिवलीहून फोन केला. "एका घरात ऱ्हवतास, मगे तोंडान बोलूक काय झाला?" मी म्हटलं, त्यांना विचार. तिने त्यांना विचारलं. ते म्हणाले, तिला विचार. आत्या म्हणाली, "तुम्ही दोघांय एकाच माळेचे मणी," आणि फोन ठेवला. पुढच्या आठवड्यात तिने पुन्हा तोच फोन केला, तेच विचारलं आणि समाजकार्य केल्याच्या समाधानात पुन्हा ठेवला. लोकांना भांडण मिटवायचं नसतं. भांडण कुठवर आलंय तेवढं कळलं की त्यांचं भागतं.

पण गाव चालूच होतं. कॉम्प्युटर एकच. मी सकाळी ऑफिसला गेले की बाबा बसायचे. मी संध्याकाळी सहा-साडेसहाला आले की ते उठून भाजी आणायला जायचे आणि मी बसायचे. आणि एका संध्याकाळी मी खेळ उघडला, तर माझ्या राजवाड्याच्या दारात एक पाटी होती.

त्या खेळात पाटीवर चारच ओळी मावतात, त्याही बारीक. मराठी अक्षरं लिहिली की वेलांट्या भलतीकडे जाऊन पडतात, म्हणून बाबांनी इंग्रजी अक्षरांत मराठी लिहिलं होतं, सगळं मोठ्या लिपीत, स्टोअरमधल्या पेट्यांवर लिहायचे तसं. 'कोणीतरी गोठ्याचं दार उघडं टाकलं. एक गाय कमी.' मी त्याखाली दुसरी पाटी ठोकली: 'गाय तळ्यावर आहे. आधी शोधा, मग आरोप करा.' दुसऱ्या दिवशी तिसरी: 'शोधली. तळ्याला कठडा नाही. हा कोणाचा निष्काळजीपणा?'

असं सुरू झालं. 'राजवाड्याला चौदा दारं कशाला? चौकीदार ठेवणार का?' 'गोडाऊनमध्ये दिवे लावा. अंधारात राक्षस येतात.' 'राक्षस येत नाहीत. मी आहे.' मला एकदा ताप आला, मी तीन दिवस बसले नाही. चौथ्या दिवशी राजवाड्यासमोर पाटी: 'काढा ओट्यावर आहे. गरम करून घ्यावा.' मी उठून स्वयंपाकघरात गेले तर खरंच काढा होता. तो तीन फुटांवरून सांगता आला असता. बाबा पाच पावलांवर पेपर वाचत बसले होते आणि पेपर उलटा नव्हता एवढंच.

मी ऑफिसात कोणाला हे सांगितलं असतं तर त्यांनी मला समुपदेशकाचा नंबर दिला असता. तिथे सगळ्यांचं सगळ्यांशी मोकळं बोलणं असतं, दर शुक्रवारी त्यासाठी मीटिंगच असते, आणि कोणी कोणाच्या तापाला विचारत नाही. तरी मला माहीत होतं की आमचं काय झालंय. पावणेदोन वर्षं मी आणि बाबा जे काही एकमेकांशी बोललो होतो ते सगळं त्या पाट्यांवर होतं. घरात काहीच नव्हतं. त्या पाट्या गेल्या असत्या तर आमच्यात उरलं असतं ते फक्त झाकून ठेवलेलं जेवण, आणि याची मला भीती वाटायची. म्हणून त्या दुकानदाराच्या 'डिलीट मारा'वर मी एवढी उखडले होते.

जुनं मशीन शेवटचे आचके देत होतं. पंखा घरघरायचा, मध्येच पडदा निळा व्हायचा. नवीन घेणं भाग होतं. सोमवारी संध्याकाळी मी राजवाड्याच्या दारात पाटी लावली: 'शनिवारी नवा कॉम्प्युटर. काही करू नका. सगळं आहे तसं येईल.' वाचून मला बरं वाटलं. थोडक्यात आणि मुद्द्याचं.

त्या आठवड्यात ऑफिसात नवीन सिस्टीम चालू व्हायची होती. ऑफिसात माझं काम काय, तर लोकांना सांगत बसायचं की बाबांनो, आपल्या फाइलींची एक प्रत दुसरीकडे ठेवा. दर महिन्याला मी हे सगळ्यांना लिहून पाठवते आणि कोणी वाचत नाही. घरच्या कॉम्प्युटरमधल्या गावाची एकही प्रत मी दुसरीकडे ठेवलेली नव्हती. हे मी नम्रपणे नमूद करते, म्हणजे बाकीच्यांना नावं ठेवताना माझं नाव राहून गेलं असं व्हायला नको.

चार दिवस मी घरी आले की जेवून सरळ झोपायचे. खेळ उघडला नाही. एवढं मात्र दिसत होतं की बाबा दिवसभर कॉम्प्युटरसमोर असतात. सकाळचं फिरणं बंद, दुपारची झोप बंद. गुरुवारी मी डबा विसरले म्हणून अर्ध्या जिन्यातून परत आले, तर खुर्चीत बसून ते एका जुन्या फुलस्केप वहीत काहीतरी लिहीत होते. मला बघून त्यांनी वही मिटली. मला वाटलं, जुन्या मशीनचं दुःख चाललंय. या वयात माणसं वस्तूंना चिकटतात, असा एक थोर विचारही मी करून घेतला आणि डबा उचलून गेले.

शनिवारी दुपारी नवं मशीन टेबलावर मांडलं. जुन्यातला गावाचा फोल्डर पेन ड्राइव्हवर घेतला, नव्यात टाकला. सात मिनिटं लागली. बाबा बाल्कनीत कपडे वाळत घालत होते, म्हणजे एकच टॉवेल तीनदा झटकत होते. मी खेळ उघडला.

राजवाडा होता. पण त्याला दारं नव्हती. चौदाच्या चौदा जागी भोकं. खिडक्या नव्हत्या, मशाली नव्हत्या, गालिचे नव्हते. तळ्याला मी मागाहून घातलेला कठडा गेला होता. गोठा होता, त्याचं कुंपण नव्हतं, आणि अकरा गाई गोडाऊनच्या एका कोपऱ्यात दाटीवाटीने बांधलेल्या, टेम्पोची वाट बघत असल्यासारख्या. शेत कापलेलं. मला आधी वाटलं फाइल बिघडली. त्या दुकानदाराच्या सात पिढ्यांचा उद्धार करून झाला. मग जुनं मशीन परत चालू करून बघितलं, तर तिथेही हेच. आणि मग मी गोडाऊनमध्ये गेले.

पेट्या छपरापर्यंत रचलेल्या होत्या. प्रत्येक पेटीवर नवी पाटी. 'दारं ३८.' 'कुंपण १६०.' 'मशाली, दोन पेट्या.' 'बिछाने ६, पैकी १ पाहुण्यांचा.' एका कोपऱ्यात: 'काचा काढताना फुटल्या. तूटफूट धरावी.' खेळात कोणी जग हलवायच्या आधी त्याची बांधाबांध करत नाही. तो एक फोल्डर असतो, तो उचलला की डोंगर-नद्यांसकट सगळं येतं. हे कुठल्याही शाळकरी पोराला माहीत असतं. पण ज्याने उभी बिल्डिंग भिंती-भोकांवर आलेली बघितलीये, त्याला शिफ्टिंग म्हणजे काय ते वेगळंच माहीत असतं. त्याने दारं काढली होती, कारण दारं काढायची असतात.

शेवटच्या पेटीवर लिहिलं होतं: 'पाट्या ११२.'

मी ती उघडली. आत एकशे बारा पाट्या होत्या, सोळा-सोळाच्या गठ्ठ्यात, सगळ्या कोऱ्या. त्या खेळात पाटी उपटली की लाकूड हातात राहतं, लिहिलेलं जातं. ते परत येत नाही. गाय गेली, काढा गेला, राक्षस गेले, पावणेदोन वर्षं गेली.

"बाबा!"

हा मी पावणेदोन वर्षांत त्यांना उद्देशून काढलेला पहिला शब्द. तो मी एवढ्या जोरात काढला की समोरच्या बिल्डिंगमधली बाई खिडकीत आली.

बाबा टॉवेल खांद्यावर टाकून आत आले. "काय?"

"काय केलंत हे?"

"शिफ्टिंग."

"करायचं नव्हतं! मी लिहिलं होतं ना, काही करू नका! सगळं आहे तसं येईल!"

बाबांनी टॉवेलची नीट घडी घातली. खुर्चीच्या पाठीवर ठेवली. मग माझ्याकडे न बघता म्हणाले, "मागच्या वेळेसही हेच म्हणाली होतीस."

माझ्या डोळ्यासमोर तो भंगारवाला आला, चेपलेले डबे आले. पाटी लिहिताना मला आठवलंही नव्हतं की हे वाक्य मी आधी वापरलंय. त्यांनी मात्र ते वाचलं होतं आणि दुसऱ्या दिवशी सकाळपासून एकेक दार उतरवायला घेतलं होतं. माझ्या हाती पडायच्या आधी, स्वतःच्या हाताने, मोजून. मला शरम वाटली. एवढी की स्क्रीनकडेच बघत बसले.

"पाट्या कोऱ्या झाल्या," मी म्हटलं.

"होणारच. माल हलवला की लेबल पडतं." एकतीस वर्षांत दर वेळी नव्या पोरांना सांगितलं असेल, तसंच त्यांनी हे सांगितलं. "म्हणून आधी यादी करायची असते. एवढं शिकलीस, यादी करायला शिकवलं नाही तुला कोणी?"

त्यांनी कपाटावरून ती फुलस्केप वही काढली. स्टूल ओढून माझ्या शेजारी बसले. चष्मा पुसला. वहीत ओळी आखलेल्या होत्या: क्रमांक, जागा, मजकूर, कोणाची. माझ्या पाट्यांपुढे 'ती' आणि त्यांच्यापुढे 'मी'. एकशे बारा नोंदी, एकही खाडाखोड नाही.

"एक," बाबा म्हणाले. "राजवाडा, पुढचं दार, डावीकडे. मी. 'कोणीतरी गोठ्याचं दार उघडं टाकलं. एक गाय कमी.' लाव."

"आधी दार तरी लावू द्या, पाटी कशाला अडकवू?"

"दार नंतर. पाटी आधी. जागा पक्की होते."

मी पाटी लावली. त्यांनी वाचलं, मी टाइप केलं. आमची सगळी भांडणं बाबांनी मला वाचून दाखवली, माझी आणि त्यांची, एकाच सपाट आवाजात. स्वतःच्या टोमण्यांवरही ते हसले नाहीत. माझ्या एका पाटीवर मात्र थांबले. "'स्टोअरकीपर की यमाचा कारकून?' हे काय होतं?"

"तुम्ही मेलेल्या कोंबड्या मोजल्या होत्या."

"मग? मोजायला नको?" आणि पुढची.

समोरची बाई एव्हाना कंटाळून गेली होती. चार वाजता मी चहा केला. "साखर कमी," ते म्हणाले. मी म्हटलं, "डॉक्टरांनी सांगितलीये." हे बोलणं पाटीवर नव्हतं, सरळ तोंडाने होतं, आणि आम्हा दोघांनाही ते जरा अवघडच गेलं. परत पाट्यांवर आलो.

नव्वदच्या पुढे गेल्यावर माझं लक्ष उडालं. मला आठवत होतं की कुठेतरी एक पाटी अशी आहे, जी त्यांनी बघायची नव्हती. मागच्या पावसाळ्यात एकदा मी खाणीत उतरले होते. उतरत उतरत तळाला गेले, जिथे काळा दगड लागतो आणि पुढे खणताच येत नाही. तिथे एक पाटी लावली आणि वर आले. बाबा खाणीत जात नाहीत, त्यांना तिथे मोजण्यासारखं काही नसतं, म्हणूनच ती जागा निवडली होती. माफी मागायची, पण कोणाला ऐकू जाणार नाही याची पुरेशी काळजी घेऊन. दुसऱ्या कोणी असं केलं असतं तर मी त्याची चामडी लोळवली असती.

"सत्त्याण्णव," बाबा म्हणाले. "खाण. अगदी तळ. ती."

मी माउसवर हात ठेवून बसले.

"'डबे द्यायला नको होते. मला कळायला हवं होतं.'" त्यांनी तितक्याच सपाटपणे वाचलं. मग चष्म्यावरून बघितलं. "इतक्या खाली कोण वाचायला जातं?"

"तुम्ही गेलात ना."

"मी मशाली काढायला गेलो होतो." त्यांनी वहीवर बोट ठेवलं. "तीन ओळी झाल्या. चौथी कोरी होती. मी कोरीच लिहून ठेवलीये. काय लिहायचं राहिलं होतं?"

मला वाटलं, म्हणावं, काही नाही, तीनच ओळींची होती. जीभ तयार होती. पण ते पेनचं टोपण काढून बसले होते, आणि त्यांना चौथ्या ओळीत भरायला काहीतरी हवं होतं.

"चुकलं माझं, बाबा."

त्यांनी वही गुडघ्यावर सरळ केली आणि माझं वाक्य अक्षर न् अक्षर लिहून घेतलं. लिहून झाल्यावर वरपासून एकदा सगळं वाचलं.

"'बाबा'सुद्धा लिहायचं?" त्यांनी विचारलं.

"हो."

"मावणार नाही ओळीत."

"मावेल."